अग्निशामक नळकांड्यांची निगा व बदली

साक्री तालुक्यात आगीचा धोका ऋतूंबरोबर जागा बदलीत असतो. दिवाळीच्या सुमारास वेचलेला कापूस घरात येतो आणि भाव वाढण्याची वाट पाहत माजघरात किंवा पडवीत ढिगाने पडून राहतो. त्यापुढे बाजरीच्या सरमडाच्या व मक्याच्या चाऱ्याच्या गंज्या घराजवळ रचल्या जातात. चैत्र-वैशाखात हवा कोरडी होते, वारा सुटतो आणि एक ठिणगी पुरेशी होते. याशिवाय प्रत्येक गावात आता विजेचे स्टार्टर, सौर पंपांचे नियंत्रक, गॅसच्या शेगड्या, ट्रॅक्टर आणि मळणीयंत्रे आहेत. ही सर्व साधने उपयुक्त आहेत, आणि प्रत्येकाबरोबर आगीचे एक कारण घरात आले आहे.

अशा वेळी आगीचा बंब बोलवावा हे खरे. तथापि अंतराचा हिशेब मनात ठेवावयास पाहिजे. धुळे ते साक्री हे अंतर पन्नास किलोमीटरहून अधिक आहे, आणि दहिवेल, पिंपळनेर व पश्चिमेकडील डोंगराळ भागातील पाडे त्याहून दूर आहेत. ताशी चाळीस किलोमीटर वेगाने निघालेल्या बंबाला धुळ्याहून साक्रीस पोहोचावयास सव्वा तास लागेल. जवळचा बंब मिळाला तरी पहिली काही मिनिटे गावाची स्वतःचीच असतात. त्या मिनिटांसाठी भिंतीवर लाल रंगाचे अग्निशामक नळकांडे टांगलेले असते.

शाळा, आश्रमशाळा, सोसायटीचे गोदाम, ग्रामपंचायत, आरोग्य उपकेंद्र, पेट्रोलपंप इत्यादी ठिकाणी अशी नळकांडी बहुधा आढळतात. पण एकदा टांगल्यावर त्यांच्याकडे कोणी पाहत नाही. बिघडलेले नळकांडे हे नळकांडे नसण्यापेक्षाही वाईट होय. ते नसेल तर मनुष्य ताबडतोब बादली उचलतो अथवा मुलांना बाहेर काढतो. ते असेल पण चालणार नसेल, तर तो त्याच्याशी झटापट करण्यात मोलाची मिनिटे घालवितो. म्हणून नळकांडे विकत घेणे हे अर्धेच काम आहे. ते दर महिन्यास तपासणे, वेळेवर भरून घेणे आणि आयुष्य संपल्यावर काढून टाकणे हे उरलेले अर्धे काम होय. या पाठात त्याची माहिती दिली आहे.

अग्निशामक काय करू शकते आणि काय नाही

हातात धरावयाचे नळकांडे नुकत्याच लागलेल्या लहान आगीसाठी असते. लहान व मध्यम आकाराच्या नळकांड्यातील पावडर साधारणतः दहा ते वीस सेकंदांत संपते. आग छपरापर्यंत गेली असेल, धुराने खोली भरली असेल किंवा बाहेर पडण्याची वाट बंद होण्याचा संभव असेल, तर नळकांडे टाकून माणसे व जनावरे बाहेर काढावीत आणि १०१ किंवा ११२ या क्रमांकावर कळवावे.

कापूस व चारा यांच्या बाबतीत एक गोष्ट विशेष ध्यानात ठेवावी. पावडर मारल्याने वरची ज्वाला विझते, पण ढिगाच्या पोटातील धग तशीच राहते आणि काही वेळाने आग पुन्हा उठते. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत फोर्ट स्टिकीन या जहाजावर जी आग लागली, ती कापसाच्या गाठींतच होती. त्याच जहाजावर स्फोटक दारूगोळाही भरलेला होता. दुपारी धूर दिसला. पाण्याचा मारा करूनही आतील धग हाती लागली नाही, आणि चार वाजल्यानंतर झालेल्या प्रचंड स्फोटांत शेकडो माणसे दगावली. त्यांत अग्निशमन दलाचे ६६ जवान होते. त्यांच्या स्मरणार्थ १४ एप्रिल हा दिवस देशभर अग्निशमन सेवा दिन म्हणून पाळला जातो. शेतकऱ्याने यातून घ्यावयाचा धडा असा, की कापसाची व चाऱ्याची आग ज्वाला दिसेनाशी झाल्याने विझत नाही. ढीग उघड्यावर ओढून, पसरून, पाण्याने पूर्ण भिजवावा व रात्रभर त्यावर पहारा ठेवावा. म्हणून कापसाच्या खोलीजवळ नळकांड्याच्या जोडीला पाण्याने भरलेला पिंप व दोन बादल्या असणे अवश्य आहे.

कोठे कोणते नळकांडे ठेवावे

पाण्याचे नळकांडे कापूस, लाकूड, कागद व चारा यांस चांगले; परंतु चालू वीज, पेट्रोल, डिझेल आणि तापलेले तेल यांवर त्याचा उपयोग कदापि करू नये. फेसाचे नळकांडे डिझेल-पेट्रोलच्या साठ्याजवळ ठेवतात. तेही विजेवर वापरू नये.

‘एबीसी’ अशी अक्षरे असलेले कोरड्या पावडरीचे नळकांडे घन वस्तू, पातळ इंधन व वायू या तिन्ही आगींवर चालते. घर, ट्रॅक्टर व गोदाम यांसाठी सर्वसाधारणपणे तेच सोयीचे असते. त्यातील मुख्य द्रव्य मोनो अमोनियम फॉस्फेट हे आहे. ठिबकमधून देण्यात येणाऱ्या १२:६१:० या खतातही हेच द्रव्य असते. पोत्याचे तोंड उघडे राहिल्यास पावसाळ्यात खताचे जसे खडे होतात, तसेच नळकांड्यात ओल शिरल्यास या पावडरीचे होते. मात्र नळकांड्यातील पावडरीवर इतर प्रक्रिया केलेली असल्यामुळे ती खत म्हणून वापरू नये. या पावडरीमुळे धातू गंजतो. म्हणून वापरानंतर ट्रॅक्टर किंवा यंत्र लवकर स्वच्छ करावे.

कार्बन डायऑक्साइडचे नळकांडे विजेच्या फळ्या, संगणक व औषधांचे शीतकपाट असलेल्या खोलीस उत्तम, कारण ते मागे काहीही अवशेष ठेवीत नाही. तथापि बंद खोलीत या वायूने जीव गुदमरतो, आणि सुटताना तो अतिशय थंड असल्याने भोंग्यास उघडा हात लावल्यास कातडी भाजल्यासारखी होते. फवारल्यावर ताबडतोब बाहेर यावे.

सौर पंपाच्या बाबतीत आणखी एक दक्षता घ्यावी. साक्री तालुक्यातील शिवाजीनगर येथे महानिर्मितीचा १२५ मेगावॉटचा सौर प्रकल्प २०१३ पासून आहे, आणि आता शेतोशेती सौर पंपही बसले आहेत. ऊन असेपर्यंत सौर पट्ट्यांतून वीज येतच राहते. नियंत्रकाची कळ बंद केल्याने पट्ट्यांपासून येणाऱ्या तारा निर्जीव होत नाहीत. म्हणून नियंत्रक पेटल्यास पाणी मारू नये. दूर राहून पावडर किंवा कार्बन डायऑक्साइड वापरावे.

स्वयंपाकघरात कढईतील तेल पेटल्यास गॅस बंद करावा, कढई हलवू नये आणि घट्ट झाकण अथवा पिळून घेतलेले ओले जाड कापड वर टाकावे. जोराने सुटणाऱ्या पावडरीमुळे पेटते तेल उडण्याचा धोका असतो.

टांगण्याची जागा

नळकांडे दाराजवळ, बाहेर पडण्याच्या वाटेवर असावे. ज्या वस्तूस आग लागण्याचा संभव आहे तिच्या अगदी वर किंवा मागे ते असू नये. आग लागल्यावर तेथे हात पोहोचणार नाही. त्याचा तळ जमिनीपासून साधारण एक मीटर उंचीवर असावा, म्हणजे स्त्रियांना व मोठ्या मुलांनाही ते काढता येते. इमारतीतील कोणत्याही जागेपासून पंधरा मीटरच्या आत एक नळकांडे हाती यावे. गोदामात पोती रचताना नळकांडे झाकले जाते, ही नेहमी आढळणारी चूक आहे. ते कार्यालयाच्या कपाटात कुलुपात ठेवणे ही तर त्याहूनही मोठी चूक होय.

दर महिन्याची तपासणी

या तपासणीस कोणतेही हत्यार लागत नाही आणि एका नळकांड्यास पाच मिनिटांहून अधिक वेळ लागत नाही. महिन्याची एक तारीख ठरवून पुढील क्रमाने पाहावे.

१. नळकांडे जागेवर आहे काय आणि त्याच्यापुढची वाट मोकळी आहे काय?

२. दाबमापकाचा काटा हिरव्या पट्ट्यात आहे काय? काचेवर बोटाने हलके टिचकी मारून पाहावे. कधी काटा अडकून बसलेला असतो.

३. पिन व तिचे सील शाबूत आहे काय? सील तुटलेले असल्यास कोणीतरी नळकांडे वापरले आहे असे समजावे.

४. नळीस भेगा पडल्या आहेत काय? नोझलमध्ये डोकावून पाहावे. आपल्याकडे कुंभारमाशी अशा भोकात मातीचे घर करते. ते काडीने काढावे.

५. अंगावर गंज, पोचा किंवा फुगवटा आहे काय? तळाची कड अवश्य पाहावी. ओल तेथे साचते आणि गंज तेथूनच सुरू होतो.

६. पावडरीचे नळकांडे, विशेषतः ट्रॅक्टर व जीप यांवरील, हिसक्यांनी आतून दबून बसते. ते काढून दोन-चार वेळा सावकाश उलटसुलट करावे.

७. कार्बन डायऑक्साइडच्या नळकांड्यास दाबमापक नसतो. ते वजन करूनच कळते. भरलेले वजन त्यावर लिहिलेले असते. आतील वायूच्या दहा टक्क्यांहून अधिक घट झाल्यास ते भरून घ्यावे. साडेचार किलो वायूच्या नळकांड्यात ही मर्यादा ४५० ग्रॅम होते. धान्य मोजण्याचा वजनकाटा यासाठी पुरेसा आहे. वजन दर सहा महिन्यांनी करावे.

८. तपासणीची तारीख व सही चिठ्ठीवर करावी.

खानदेशच्या उन्हाळ्यात आणखी एक काळजी घ्यावी लागते. उष्णतेने नळकांड्यातील दाब वाढतो. कार्बन डायऑक्साइडचा दाब तर तापमान ३१ अंशांच्या वर गेल्यावर फार झपाट्याने चढतो. पत्र्याच्या छपराखाली, उन्हात उभ्या असलेल्या ट्रॅक्टरवर किंवा चुलीच्या भिंतीस लागून नळकांडे ठेवू नये; सावली करावी. नळकांड्यावर तापमानाची मर्यादा छापलेली असते ती वाचावी. पश्चिम भागातील जोराच्या पावसात ते गळक्या भिंतीवर असू नये.

भरून घेणे व दाबचाचणी

नळकांडे एक क्षणभर जरी वापरले, तरी ते पुन्हा भरलेच पाहिजे. पावडरीचे कण झडपेच्या बैठकीवर अडकतात, झडप पूर्ण मिटत नाही आणि उरलेला वायू हळूहळू निसटतो. आज काटा हिरव्यात दिसला तरी आठ दिवसांत तो खाली येतो. ‘थोडेच वापरले आहे, उरलेले पुढच्या वेळी’ हा विचार धोक्याचा आहे.

भारतीय मानक क्रमांक २१९० मध्ये नळकांड्यांची निवड, जागा व निगा यांचे नियम दिलेले आहेत. त्यानुसार पाणी, फेस व पावडर यांच्या नळकांड्यांची दाबचाचणी दर तीन वर्षांनी आणि कार्बन डायऑक्साइडच्या नळकांड्याची दर पाच वर्षांनी व्हावयास पाहिजे. कार्बन डायऑक्साइडच्या नळकांड्यावर चाचणीची तारीख ठोकलेली असते. आतील द्रव्य केव्हा बदलावे ते नळकांड्यावरील पट्टीत दिलेले असते. भरण्याचे व चाचणीचे काम परवानाधारक संस्थेकडूनच करून घ्यावे. केवळ बाहेरून रंग देऊन नवी चिठ्ठी लावणे म्हणजे भरणे नव्हे. भरून आलेल्या नळकांड्याचे वजन तेथेच करून पाहावे, आणि भरल्याची तारीख, द्रव्याचे नाव व चाचणीची तारीख लिहून घ्यावी.

केव्हा काढून टाकावे

वरील मानकानुसार पाणी, फेस व पावडर यांच्या नळकांड्याचे आयुष्य निर्मितीपासून दहा वर्षे आणि कार्बन डायऑक्साइडच्या नळकांड्याचे पंधरा वर्षे धरले आहे. पावडरीचे नळकांडे २०१७ साली तयार झाले असेल तर २०२७ मध्ये ते बदलावे. वर्षे खरेदीपासून मोजावयाची नाहीत, तर अंगावर छापलेल्या निर्मितीच्या वर्षापासून मोजावयाची.

याखेरीज पुढील कोणतेही लक्षण दिसल्यास वयाचा विचार न करता नळकांडे बाजूस काढावे: खोल गंज, जोडावरील पोचा किंवा चीर, आगीत होरपळलेले अंग, डाग देऊन केलेली दुरुस्ती, वाचता न येणारी पट्टी, आणि दाबचाचणीतील नापासी.

काही जुने प्रकार अजून एखाद्या अडगळीत सापडतात. सोडा व आम्लाचे, उलटे करून वापरावयाचे नळकांडे कालबाह्य झाले आहे. कार्बन टेट्राक्लोराइडचे नळकांडे तर मुळीच वापरू नये. आगीवर पडताच त्यापासून विषारी वायू निर्माण होतो. हॅलॉन वायू ओझोनच्या थरास घातक ठरल्यामुळे १९८७ च्या मॉन्ट्रियल करारान्वये त्याचे उत्पादन थांबविण्यात आले. नवीन नळकांडे घेताना आयएसआय चिन्ह, भारतीय मानक १५६८३ हा क्रमांक आणि निर्मितीचे वर्ष पाहावे. दुकानात चार-पाच वर्षे पडून राहिलेले नळकांडे स्वस्त मिळाले तरी घेऊ नये.

काढून टाकलेले नळकांडे दाबासह भंगारवाल्यास देणे अत्यंत धोक्याचे आहे. गॅसच्या ज्योतीने कापताना बंद नळकांडे फुटून माणूस दगावू शकतो. परवानाधारक संस्थेकडून ते रिकामे करून घ्यावे व त्याची पोच ठेवावी. ज्याचे अंग निर्दोष आहे पण भरण्याची वेळ आली आहे, असे नळकांडे मात्र ग्रामसभेत किंवा शाळेच्या मैदानावर प्रात्यक्षिकासाठी वापरून मग भरावयास पाठवावे. गावातील दहा माणसांना ते चालविता आले, तर तो खर्च वाया जात नाही. गंजलेल्या नळकांड्याचे प्रात्यक्षिक करू नये.

नोंदवहीचे उदाहरण

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्याने गावातील सर्व नळकांड्यांची एकच वही ठेवावी. जागा, प्रकार, वजन, निर्मितीचे वर्ष, शेवटची भरती, शेवटची दाबचाचणी व शेरा असे सात रकाने पुरेत. समजा, एखाद्या गावाच्या वहीत पुढीलप्रमाणे नोंदी आहेत.

शाळेतील चार किलो पावडर, निर्मिती २०१४, काटा हिरव्यात. शेरा: दहा वर्षे पूर्ण झाली, बदलावे. काटा हिरव्यात आहे म्हणून ठेवू नये. काटा दाब सांगतो, पत्र्याचे वय सांगत नाही.

सोसायटीच्या गोदामातील सहा किलो पावडर, निर्मिती २०२२, अंग चांगले, काटा लाल पट्ट्यात. शेरा: झडप तपासून, दाबचाचणी करून भरून घ्यावे.

उपकेंद्रातील साडेचार किलो कार्बन डायऑक्साइड, निर्मिती २०१६, लिहिलेल्या वजनापेक्षा ६०० ग्रॅम कमी, चाचणीस पाच वर्षे उलटून गेलेली. शेरा: घट ४५० ग्रॅमहून अधिक, चाचणी करून भरावे, आयुष्य २०३१ पर्यंत.

ट्रॅक्टरवरील एक किलो पावडर, निर्मिती २०२३, काटा हिरव्यात, तळाची कड गंजून खवले निघालेली. शेरा: ताबडतोब काढावे.

या चारांपैकी एकही नळकांडे आज विश्वासाचे नाही. आणि भिंतीकडे नुसते पाहणाऱ्यास मात्र चारही ठीक दिसली असती.

कायदा व जबाबदारी

महाराष्ट्र आग प्रतिबंधक व जीव संरक्षक उपाययोजना अधिनियम, २००६ हा ज्या इमारतींना लागू होतो, त्यांच्या मालकाने अथवा भोगवटादाराने बसविलेली अग्निशमन साधने चालू स्थितीत असल्याचे परवानाधारक संस्थेचे प्रमाणपत्र दर वर्षी जानेवारीत व जुलैत सादर करावयाचे असते. कायदा लागू नसलेल्या लहान इमारतींनीही हेच दोन महिने पाळल्यास हिशेब सोपा होतो.

९ जानेवारी २०२१ रोजी भंडारा येथील जिल्हा रुग्णालयात नवजात बालकांच्या कक्षास आग लागून दहा बालके मृत्युमुखी पडली. त्याच वर्षी ६ नोव्हेंबरला अहमदनगर येथील जिल्हा रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागातील आगीत अकरा रुग्णांचा अंत झाला. स्वतः उठून पळू न शकणाऱ्या माणसांच्या इमारतीत आगीस किती थोडा वेळ पुरतो, हे या घटना सांगतात. निजलेली आश्रमशाळेतील मुले, उपकेंद्रातील बाळंतीण आणि घरातील अंथरुणास खिळलेली वृद्ध माणसे यांची स्थिती तशीच असते. म्हणून तपासणीचा आरंभ नेहमी अशा जागांपासून करावा.

वापरण्याची रीत

वारा पाठीवर व बाहेरची वाट मागे ठेवून आगीपासून दोन ते तीन मीटरवर उभे राहावे. पिन ओढावी. नोझल ज्वालेच्या शेंड्याकडे न धरता बुडाकडे धरावे. दांडा दाबून नोझल डावीकडून उजवीकडे फिरवावे. ज्वाला मावळल्यावर पाठ फिरवू नये. आगीकडे तोंड ठेवूनच मागे सरावे. विजेची आग असल्यास शक्य तर आधी मुख्य कळ बंद करावी.

१४ एप्रिल हा दिवस लक्षात ठेवण्यास सोपा आहे, डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या जयंतीनिमित्त त्या दिवशी गाव एकत्र येते, आणि त्या दिवसापासून २० एप्रिलपर्यंत अग्निशमन सेवा सप्ताह असतो. ग्रामपातळीवरील कार्यकर्त्यांनी या सप्ताहात गावातील प्रत्येक नळकांडे खाली उतरवून पाहावे, वही पुरी करावी आणि बदलावयाच्या नळकांड्यांची यादी ग्रामसभेपुढे ठेवावी. शेतकऱ्यांनी घरच्या व ट्रॅक्टरवरील नळकांड्याचे निर्मितीचे वर्ष आजच वाचून दाराच्या चौकटीवर खडूने लिहून ठेवावे, म्हणजे बदलण्याचे साल विसरले जाणार नाही.